अध्यक्षांना कौल की पसंती?

एका वाचकानं विचारलं आहे: "अमेरिकेच्या अध्यक्षांबद्दलची एकच बातमी तीन मराठी वर्तमानपत्रांत वाचली. एकाचं शीर्षक 'लोकप्रियता घसरली', दुसऱ्याचं 'जनमत विरोधात', तिसऱ्याचं 'जनतेचा प्रतिकूल कौल'. मूळ बातमी 'अप्रूव्हल रेटिंग'ची होती. यातलं बरोबर कोणतं? आणि लोकमत, जनमत, कौल, सार्वमत हे समानार्थी धरायचे का?"

समानार्थी अजिबात धरू नयेत. ('अप्रूव्हल रेटिंग' म्हणजे अध्यक्षांचं काम किती टक्के लोकांना पसंत आहे, याचा चाचणीतून निघालेला आकडा.) तीन शीर्षकांत दुसरं चालण्यासारखं आहे, पहिलं अर्थाला धक्का लावतं आणि तिसरं सरळ चूक आहे. म्हणून तिसऱ्यापासूनच सुरुवात करतो.

माझं आजोळ सिंधुदुर्गातलं. लहानपणी आजीबरोबर ग्रामदेवतेला कौल लावायला गेलेलो आठवतंय. गुरवानं गाऱ्हाणं घातलं, मागून सगळे एका सुरात "व्हय म्हाराजा" म्हणाले. मग त्यानं ओल्या कळ्या देवाच्या पाषाणावर उजवीकडे-डावीकडे लावल्या आणि सगळे गप्प बसून राहिले. बराच वेळ काही होईना. शेवटी उजवीकडची कळी सुटली. आजीनं हात जोडले, पदर सावरला आणि उठली. जमिनीचा कसला तरी विषय होता, महिनोन्‌महिने घरात चाललेला. त्या कळीनंतर तो पुन्हा कुणी काढला नाही.

कौल म्हणजे हे. शब्द मूळचा अरबी, अर्थ बोल किंवा वचन. मराठेशाहीच्या कागदपत्रांत 'कौल देणे' म्हणजे अभय देणं. उजाड गावात पुन्हा वस्ती व्हावी म्हणून रयतेला सवलतीच्या साऱ्याचा कौल मिळे आणि त्या कागदाला कौलनामा म्हणत. देवाचा असो की सरकारचा, दिलेला कौल देणाऱ्याला आणि घेणाऱ्याला, दोघांनाही बांधतो. म्हणून निवडणुकीच्या निकालाला 'जनतेचा कौल' म्हणणं शोभतं. फोनवर हजारेक माणसांना विचारून काढलेल्या आकड्यानं कोण बांधला जातो? ना अध्यक्ष, ना उत्तर देणारे.

चाचणी आणि कौल यांतलं अंतर १९४८च्या नोव्हेंबरात एका छायाचित्रात पकडलं गेलं. अध्यक्षपदाच्या निवडणुकीत तेव्हाचे अध्यक्ष हॅरी ट्रुमन हरणार, असं सगळेच धरून चालले होते. जनमत चाचण्या घेणाऱ्या गॅलप संस्थेच्या शेवटच्या चाचणीत प्रतिस्पर्धी ड्यूई यांना ४९.५ टक्के आणि ट्रुमन यांना ४४.५ टक्के मतं दाखवली होती. 'शिकागो डेली ट्रिब्यून'मध्ये छपाईचे खिळे (अक्षरांचे ठसे) जुळवणाऱ्या कामगारांचा संप चालू होता. त्यामुळे अंक लवकर छपाईला सोडावा लागे. मतमोजणी पुरती रंगायच्या आधीच त्यांनी 'ड्यूईंकडून ट्रुमन पराभूत' असा मथळा छापून टाकला. प्रत्यक्षात ट्रुमन यांना ४९.६ टक्के मतं पडली, ड्यूईंना ४५.१. दोन दिवसांनी सेंट लुईस स्थानकात रेल्वेच्या मागच्या डब्याच्या सज्जात उभे राहून ट्रुमन यांनी तो अंक दोन्ही हातांनी उंच धरला. त्यांच्या हातात चाचणीवर विसंबलेला मथळा होता आणि कौल त्यांना स्वतःला मिळालेला होता. मराठी शीर्षकात या दोन्हींना एकच शब्द वापरला, तर त्या छायाचित्रातलं हसू वाचकाला कळणारच नाही.

दुसरं उदाहरण अध्यक्ष थोरल्या जॉर्ज बुश यांचं. १९९१मध्ये आखाती युद्ध संपता संपता गॅलपच्या चाचणीत ८९ टक्के लोकांनी त्यांच्या कामाला पसंती दिली. पुढच्याच वर्षी मतदारांनी त्यांना घरी पाठवलं. ८९ टक्क्यांना आपण 'कौल' म्हटलं असतं, तर १९९२च्या निकालासाठी शब्दच उरला नसता.

आता 'लोकप्रियता'. बहुतेक वृत्तसंपादक हाच शब्द वापरतात आणि मला खटकतो तोही हाच. गॅलपचे लोक अनेक दशकं जवळजवळ त्याच शब्दांत एक प्रश्न विचारत होते. त्याचा आशय असा: अमुक अध्यक्ष आपलं काम ज्या रीतीनं सांभाळत आहेत, ती तुम्हाला पसंत आहे की नापसंत? माणूस आवडतो का, हे इथे विचारलेलंच नाही. विचारलंय ते कामाबद्दल. हा भेद किती खरा आहे, ते डिसेंबर १९९८मध्ये दिसलं. प्रतिनिधीगृहानं बिल क्लिंटन यांच्यावर महाभियोग मंजूर केला आणि त्याच सुमारास गॅलपच्या चाचणीत ७३ टक्के लोकांनी त्यांच्या कामाला पसंती दिली. हा त्यांच्या संपूर्ण कारकिर्दीतला सर्वांत मोठा आकडा. त्याच काळात क्लिंटन प्रामाणिक आहेत का, असं विचारलं की बहुसंख्य अमेरिकी 'नाही' म्हणत होते. तेव्हा 'क्लिंटन यांची लोकप्रियता शिखरावर' असं छापलं, तर लोकांनी जे सांगितलं त्याचा अर्धा भाग गळून पडतो. माणसाबद्दल मनात किंतु होता, कारभाराबद्दल नव्हता. ही परिपक्व समज आहे, आणि आपल्या शब्दानं ती पुसून टाकू नये असं मला मनापासून वाटतं.

खरं म्हणजे हा भेद मराठीला नवा नाही. लोकप्रिय गायक असतो, नट असतो. टिळक झाले ते लोकमान्य. लोकांनी ज्याला मानलं, ज्याचा अधिकार स्वीकारला, तो लोकमान्य. काटेकोर बघायला गेलं तर 'अप्रूव्हल'ला 'लोकमान्यता' फार जवळचा शब्द आहे. पण ती पदवी आपल्या मनात एकाच माणसाशी इतकी जडलेली आहे की परदेशी नेत्याच्या साप्ताहिक आकड्यासाठी ती वापरायला मन धजत नाही. 'स्वीकारार्हता' मला कोरडा वाटतो, शिवाय त्यातून 'स्वीकारण्याजोगा असणं' असा वेगळाच अर्थ निघतो. मी 'पसंती' घेईन. मुलगी पसंत, जागा पसंत, काम पसंत, असा घराघरातला शब्द आहे, आणि त्याची जोडी 'नापसंती' हाताशी तयार आहे.

राहिले लोकमत आणि जनमत. कोशात त्यांचे अर्थ जवळजवळ एकच मिळतील. पण त्यांच्याबरोबर कोणती क्रियापदं येतात ते बघा. लोकमत घडवतात, तयार करतात, जागवतात. लोकमताचा रेटा असतो. जनमत अजमावतात, चाचपतात, त्याची चाचणी घेतात. कौल मागतात, लावतात, देतात. माझ्या कानाला लोकमत म्हणजे चर्चेतून, लेखांतून, भाषणांतून हळूहळू मुरत जाणारी गोष्ट, आणि जनमत म्हणजे तिचं एखाद्या दिवशी घेतलेलं माप.

अमेरिकेतही हे दोन व्यवहार वेगळेच आहेत. १२ मार्च १९३३, रविवारची रात्र. देशातल्या बँका बंद आणि लोक धास्तावलेले. अध्यक्ष फ्रँकलिन रूझवेल्ट रेडिओवर आले आणि बँकेत ठेवलेल्या पैशाचं पुढे काय होतं, हे घरातल्या माणसाशी बोलावं तसं समजावून सांगू लागले. सोमवारपासून बँका टप्प्याटप्प्यानं उघडल्या, आणि ज्यांनी घाबरून पैसे काढले होते तेच ते परत भरायला रांगेत उभे राहिले. हे लोकमत घडवणं. वर्तमानपत्रांचे बरेचसे मालक रूझवेल्ट यांच्या विरोधात होते. रेडिओनं त्यांना मालकांना वळसा घालून थेट घरात नेलं.

मापाचा धंदा मात्र वर्तमानपत्रांच्याच आश्रयानं वाढला. १९३५च्या ऑक्टोबरात जॉर्ज गॅलप यांनी आपल्या चाचण्यांचं सदर वर्तमानपत्रांना विकायला सुरुवात केली. पुढच्याच वर्षी 'लिटररी डायजेस्ट' साप्ताहिकानं सुमारे एक कोटी पत्रं पाठवली. २३ लाखांच्या आसपास उत्तरं आली, आणि त्यांनी रूझवेल्ट यांचे प्रतिस्पर्धी लँडन जिंकणार असं सांगितलं. रूझवेल्ट यांनी ४८पैकी ४६ राज्यं जिंकली. कितीतरी कमी माणसांना, पण नीट निवडून विचारणाऱ्या गॅलप यांचं भाकीत खरं ठरलं. तेव्हापासून अध्यक्षाचा आकडा ही स्वतंत्र बातमी झाली.

लोकमत आपल्याच बाजूला आहे, असा दावा तर सगळेच करतात. ३ नोव्हेंबर १९६९ला अध्यक्ष निक्सन यांनी व्हिएतनामवरच्या भाषणात 'मूक बहुसंख्यां'ना साद घातली. दहाच दिवसांनी उपाध्यक्ष अ‍ॅग्न्यू टीव्हीच्या बातमीदारांवर तुटून पडले. मूठभर लोक लोकमताचा ठेका घेऊन बसलेत, असा त्यांचा रोख होता. जे मूक आहेत त्यांचं मत काय, हे कुणीतरी विचारल्याशिवाय कळायचं नाही, हे त्या भांडणात दोन्ही बाजूंना सोयीस्करपणे विसरता येत होतं.

सार्वमताचा मुद्दा थोडक्यात. एखाद्या प्रश्नावर सर्व मतदारांनी मतदान करून निर्णय करणं म्हणजे सार्वमत. गोव्यात १६ जानेवारी १९६७ला जे झालं त्याला कायद्यात नाव 'ओपिनियन पोल' होतं. शब्दशः घेतलं तर जनमत चाचणी. पण झालं ते सार्वमतच: महाराष्ट्रात विलीनीकरणासाठी फूल, संघप्रदेश राहण्यासाठी दोन पानं, आणि ३४,०२१ मतांच्या फरकानं दोन पानं जिंकली. गोमंतकीयांनी त्याला 'जनमत कौल' म्हटलं. इंग्रजी नावात नसलेलं बंधन त्यांनी 'कौल' जोडून आपल्या नावात आणलं. देवाला कळ्या लावून कौल घेणाऱ्या मुलखानं हे अचूक ओळखावं याचं मला फार कौतुक वाटतं.

तर तुमच्या बातमीचं शीर्षक मी असं दिलं असतं: 'अध्यक्षांच्या कामाला पसंती घटली'. बातमीत पसंती किती, नापसंती किती, हे दोन्ही आकडे द्यावेत, चाचणी कुणी घेतली ते लिहावं, आणि 'सांगता येत नाही' म्हणणाऱ्यांचा आकडाही गाळू नये. मराठी बातमीत हमखास गळतो तो हाच.