रेंज नसताना निळा ठिपका येतो कुठून?

प्रश्न : सह्याद्रीत ट्रेकला रेंज नसते. तरी कधी नकाशावर आपली जागा लगेच दिसते, तर कधी दहा मिनिटं काहीच दिसत नाही. असं का?

उत्तर : जागा शोधायला रेंज लागत नाही. फोन उपग्रहांना काहीच पाठवत नाही, नुसता ऐकतो. जीपीएसचे उपग्रह सुमारे २०,२०० किलोमीटर उंचीवरून आपली वेळ आणि आपली कक्षा सतत सांगत असतात. संदेश यायला किती वेळ लागला, त्यावरून अंतर निघतं. उपग्रह मात्र किमान चार दिसावे लागतात, कारण त्यांच्यात अणुघड्याळ आहे आणि फोनमध्ये साधं क्वार्ट्झचं. त्यात एका मायक्रोसेकंदाची चूक म्हणजे ३०० मीटरचा फरक! चौथ्या उपग्रहामुळे ती चूक काढता येते.

वेळ खातो तो कक्षेचा तपशील. रेंज असेल तर तो इंटरनेटवरून क्षणात उतरतो. नसेल तर थेट उपग्रहाकडून, सेकंदाला ५० बिट या गोगलगायीच्या वेगाने घ्यावा लागतो. तो दर ३० सेकंदांनी पुन्हा येतो. मध्येच झाडी किंवा कडा आड आला, की राहिलेल्या तुकड्यासाठी पुढच्या फेरीची वाट पाहायची. म्हणून चालत राहू नका, मोकळ्या जागी दोन-तीन मिनिटं थांबा. त्याहून बरं म्हणजे पायथ्याच्या गावात रेंज असतानाच ठिपका पक्का करून घ्या. हा तपशील साधारण चार तास चालतो. नकाशा मात्र घरूनच उतरवून न्या, तो उपग्रह देत नाहीत.

कड्याखाली किंवा घळीत संदेश खडकावर आपटून येतो, अंतर जास्त भरतं आणि ठिपका दरीपलीकडे उडी मारतो. तिथे ठिपक्याभोवतीचं फिकट वर्तुळ पाहा. अँड्रॉइडमध्ये त्याचा अर्थ असा, की तुम्ही त्या वर्तुळात असण्याची शक्यता सुमारे ६८ टक्के. म्हणजे तीनात एकदा तुम्ही त्याच्या बाहेर असू शकता. धुक्यात कड्याच्या काठावर हे विसरू नका.

प्रश्न : घर बदललं, पण घरात बसल्यावर फोन जुनाच पत्ता दाखवतो.

उत्तर : राऊटर सोबत आणलात ना? घरात उपग्रह नीट ऐकू येत नाहीत, तेव्हा फोन आसपासच्या वाय-फायवरून जागा ठरवतो, आणि तुमच्या राऊटरची नोंद अजून जुन्या पत्त्यावर आहे. फोन येता-जाता नवी जागा कळवत राहतात, तशी ती नोंद सुधारते. तोवर अचूक जागा हवी असेल तेव्हा लोकेशनच्या सेटिंगमधलं वाय-फाय स्कॅनिंग आणि वाय-फाय, दोन्ही बंद करून गच्चीत जा.