परग्रहवासीयांचं आक्रमण परतवून लावणारी, आजही बघवेल अशी जुनी विज्ञानमालिका कोणती?

तुम्हाला स्पेशल इफेक्ट्सच्या जुनाटपणाची धास्ती आहे, म्हणून मी डोळे झाकून 'डॉक्टर हू'मधली 'द इन्व्हेजन' ही कथा सुचवेन. बीबीसीने ती २ नोव्हेंबर ते २१ डिसेंबर १९६८ या काळात आठ भागांत दाखवली. कृष्णधवल आहे. आधीचं काही पाहिलं नसलं तरी अडत नाही. डॉक्टर (पॅट्रिक ट्रॉटन) काळात आणि अवकाशात भटकणारा प्रवासी, जेमी अठराव्या शतकातला स्कॉटिश पोरगा आणि झोई भविष्यातली, गणितात तल्लख मुलगी, एवढं ठाऊक असलं की झालं.

इफेक्ट्सवर ही कथा फारशी विसंबूनच नाही. आक्रमण करणारे सायबरमेन, म्हणजे शरीराचं यंत्र करून घेतलेले परग्रहवासी, चौथ्या भागाच्या अखेरीपर्यंत दिसतही नाहीत. तोवर भीती वाटते ती एका माणसाची. टोबायस व्हॉन हा इलेक्ट्रॉनिक्सचा बडा कारखानदार. त्याच्या प्रत्येक वस्तूत एक बारीकसं सर्किट दडवलेलं आहे आणि त्या वस्तू लोकांनी हौसेने विकत घेऊन घरोघरी नेल्या आहेत. पहिल्या भेटीत तो जेमीला एक ट्रान्झिस्टर भेट देतो, किती सहज! केव्हिन स्टोनीने ही भूमिका अफाट केली आहे. आवाज लोण्यासारखा, आणि पुढच्याच क्षणी हाताखालच्या पॅकर नावाच्या माणसावर असा खेकसतो की आपणही दचकावं. सायबरमेनना वापरून घेऊ आणि काम झालं की बाजूला सारू, असा त्याचा होरा. तो कसा अंगाशी येतो ते तुम्हीच बघा.

सहाव्या भागाचा शेवट मात्र चुकवू नका. त्या सर्किटांतून संदेश सुटतो, लोक डोकं धरून जागच्या जागी कोसळतात, लंडनच्या रस्त्यांवर मॅनहोलची झाकणं उचलली जातात आणि सेंट पॉल्स कॅथीड्रलच्या साक्षीने सायबरमेन पायऱ्या उतरू लागतात. पोशाख स्वस्तातले आहेत हे कळतं, तरीही अंगावर काटा येतो. दिग्दर्शक डग्लस कॅमफिल्डची ही कमाल.

मला सर्वांत आवडतं ते आक्रमण परतवण्याचं तंत्र. डॉक्टर एकट्याने जग वाचवत नाही. ब्रिगेडिअर लेथब्रिज-स्टुअर्टचं 'युनिट' हे संयुक्त राष्ट्रांचं पथक याच कथेत पहिल्यांदा येतं. संदेशापासून वाचायला डॉक्टर मानेवर लावायचं एक छोटं उपकरण बनवतो. झोई क्षेपणास्त्रांचं गणित असं मांडते की मोजक्या माऱ्यात सायबरमेनच्या अंतराळयानांचा अख्खा ताफा साखळीने फुटावा. आणि चंद्रामागून संदेश पाठवणारं यान उडवायला रशियाचं रॉकेट लागतं. ऑगस्ट १९६८ मध्ये सोव्हिएत रणगाडे प्रागमध्ये घुसले होते. त्याच वर्षअखेरीस शनिवारी संध्याकाळी घरादाराने बघायच्या ब्रिटिश मालिकेत रशियाची मदत निर्णायक ठरावी, याचं मला फार अप्रूप वाटतं. शिवाय शेवटचा भाग दाखवला त्याच दिवशी अपोलो ८ चंद्राकडे झेपावलं होतं!

मधले भाग थोडे रेंगाळतात. पकडले जाणं, निसटणं, पुन्हा पकडलं जाणं असं बरंच चालतं. रोज एकच भाग पाहिलात तर ते जाणवणार नाही.

आणखी एक. पहिल्या आणि चौथ्या भागाचं मूळ चित्रण आज उपलब्ध नाही. २००६ च्या डीव्हीडीसाठी मूळ ध्वनिमुद्रणावर बेतून ते दोन्ही भाग ॲनिमेशनमध्ये केले गेले. ॲनिमेशन म्हणून ते गाळू नका. सायबरमेन पहिल्यांदा दिसतात ते चौथ्याच भागाच्या अखेरीस. आणि व्हॉनच्या कंपनीच्या स्वागतकक्षातल्या यंत्राला न सुटणारं कोडं घालून झोई ते फोडून टाकते, ती करामत दुसऱ्या भागात आहे.