बॉट्सबरोबर एकटाच खेळणारा मुलगा

“पूर्वी निदान माइकवर मित्रांशी बोलायचा तरी. आता एकटाच त्या बॉट्सना गोळ्या घालत बसतो. याला माणसं नकोशी झालीत का हो?” गेल्या काही महिन्यांत समुपदेशनासाठी माझ्याकडे आलेल्या इतक्या पालकांनी हा प्रश्न विचारला, की एका 16 वर्षांच्या मुलाबद्दल लिहावंसं वाटलं. ओळख पटेल असे तपशील अर्थातच बदलले आहेत.

गेम नेहमीचाच, पाच-पाच जणांच्या दोन टीमचा ऑनलाइन शूटर. हा मुलगा मात्र त्याची चाहत्यांनी बनवलेली अनधिकृत ऑफलाइन आवृत्ती खेळायचा. त्यात सर्व्हर आपल्याच कॉम्प्युटरवर चालतो, बाकी खेळाडूंच्या जागी बॉट्स, म्हणजे कॉम्प्युटरच चालवतो असे खेळाडू, असतात आणि जिंकण्या-हरण्यावर ठरणारी रँक नसते. आईने वायफाय बंद केलं तरी गेम चालूच राहिला, तेव्हा त्या धास्तावून माझ्याकडे आल्या.

“का खेळतोस?” असं मी मुलांना कधी विचारत नाही. “मला दाखवशील?” म्हणते. पुढच्या वेळी तो लॅपटॉप घेऊन आला. हेडफोनचा माइक वर दुमडलेला होता. आधी एकाच कोपऱ्यातून तो स्मोक ग्रेनेड टाकत राहिला, हवा तिथे पडेपर्यंत. मग मॅच लावली. त्याच्या टीममधल्या चारही बॉट्सना टोपणनावं होती.

“ही नावं गेममधलीच?”

“नाही. नावांची फाइल असते, त्यात मी बदलली. आमच्या स्क्वाडची आहेत, माझ्या मित्रांची.”

हळूहळू सगळं बाहेर आलं. एका रँक मॅचमध्ये शेवटी हा एकटा उरला, गडबडला आणि टीम हरली. माइकवर आधी हशा, मग “तुझ्यामुळे रँक गेली”. त्यानंतर तो ऑनलाइन गेलाच नव्हता.

“मग त्यांना समोरच्या टीममध्ये का नाही टाकलंस?”

तो बराच वेळ कीबोर्डकडे बघत राहिला. “मला त्यांना मारायचं नाहीये, मॅडम. त्यांच्याबरोबरच खेळायचंय. फक्त त्यांनी बोलायला नको.”

शेजारी बसलेल्या आईचे डोळे भरून आले. मुलगा माणसांपासून तुटलाय ही त्यांची भीती त्या एका वाक्याने संपली. अशी वाक्यं घाई करून मिळत नाहीत. तेवढं थांबता येणं ही या कामातली माझी कमाई आहे असं मी मानते.

डेसी आणि रायन या मानसशास्त्रज्ञांची मांडणी मला फार जवळची वाटते: माणसाला स्वतःचा निर्णय, काहीतरी जमल्याची भावना आणि आपली माणसं, तिन्ही लागतात. ऑफलाइन गेममध्ये या मुलाला पहिल्या दोन गोष्टी मिळत होत्या, तिसरीची जागा त्याने नावांनी भरली होती. क्रिकेटच्या नेटमध्ये एकट्याने सराव करणाऱ्या फलंदाजाची आपण काळजी करत नाही. तो मैदानात उतरायचंच टाळू लागला, तर मात्र विचारायला हवं.

म्हणून तास मोजण्याआधी बघा, मूल एकटं खेळून काय टाळतंय. हरल्यावर कोणी काही बोललं होतं का, हेही विचारा, पण चौकशीच्या सुरात नको. व्यसनाची शंका असेल तर जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-11 या आजारांच्या वर्गीकरणातले निकष बघा: खेळण्यावर ताबा न राहणं, बाकी सगळ्यापेक्षा गेम वरचढ होणं, नुकसान दिसूनही न थांबणं, आणि हे साधारण 12 महिने टिकणं. या मुलाचा अभ्यास, झोप, जेवण सगळं जागेवर होतं.

अनधिकृत आवृत्तीचा खरा धोका वेगळाच आहे. अनोळखी फाइलमधून व्हायरस येऊ शकतो. “अँटीव्हायरस बंद करा” असं कोणी सांगत असेल तर ती इन्स्टॉल करूच नका, आणि मूळ अकाउंटचा पासवर्ड तिथे देऊ नका. गेममध्येच बॉट्सबरोबर सरावाची सोय असेल, तर तीच वापरावी.

ऑनलाइन परत जा, असं मी त्याला सांगितलं नाही. चौघांपैकी त्यातल्या त्यात कोण बरा वाटतो, एवढंच विचारलं. त्याने त्या एकाला घरी बोलावलं आणि दोघे एकाच वायफायवर त्याच्या सर्व्हरवर बॉट्सविरुद्ध खेळले. त्या मित्राच्या नावाचा बॉट त्याने स्वतःच फाइलमधून काढून टाकला. उरलेली तीन नावं अजून आहेत, आणि आईने त्याबद्दल त्याला काही विचारू नये, असं आमचं ठरलं आहे.