जेन्नारोचं नाव, तुझं नाव आणि अण्णांचं नाव

प्रिय कार्तिक,

शनिवारी जेन्नारोच्या घरून आलास आणि विचारलंस, की आई त्याला त्याच्या नोन्नोचं, म्हणजे आजोबांचं नाव आहे मग मला माझ्या आजोबांचं, अण्णांचं का नाही ठेवलं, आणि त्याच्यासारखा नावाचा दिवस आपल्याकडे का नसतो. प्रश्न मला फार आवडला, म्हणून नीट लिहितेय.

जेन्नारो हे लॅटिन यानुआरियुसवरून आलंय, म्हणजे जानेवारीचा, आणि जानेवारी हा यानुस देवाचा महिना, दारांचा आणि सुरुवातीचा देव, एक तोंड पुढे एक मागे. तुझंही नाव महिन्याचंच आहे बघ, कार्तिकात झालास म्हणून कार्तिक. पण इथे नेपल्समध्ये हे नाव ठेवतात ते महिन्यासाठी नाही तर सान जेन्नारोसाठी. तो बेनेवेंतोचा बिशप, इ.स. ३०५ च्या सुमारास इथून जवळच पोत्सुओलीला त्याला मारलं, आणि त्याचं म्हणून जपलेलं रक्त आपल्या दुओमोत, म्हणजे शहराच्या मुख्य चर्चमध्ये, काचेच्या कुपीत आहे. वर्षातून तीनदा ते बाहेर काढतात, मे महिन्यात, १९ सप्टेंबरला आणि १६ डिसेंबरला, आणि सुकलेलं रक्त पातळ झालं की सगळे टाळ्या वाजवतात, नाही झालं तर म्हाताऱ्या बायका खरंच काळजीत पडतात. डिसेंबरचा दिवस १६३१ च्या व्हेसुव्हियसच्या उद्रेकाचा, तेव्हा याच संताने शहर वाचवलं असं इथले लोक मानतात. १९ सप्टेंबर हा त्याचा सण, म्हणून तोच तुझ्या मित्राचा ओनोमास्तिको, म्हणजे नावाचा दिवस. आपली नावं अशी संतांच्या कॅलेंडरला बांधलेली नसतात, आपल्याकडे नावाचा दिवस एकदाच येतो, बारशाचा. तुझ्या आत्याने पाळण्याशी वाकून कानात कुर्रर्र करून नाव सांगितलं तो.

आता आजोबांचं. इथे दक्षिणेत पहिल्या मुलाला वडिलांच्या वडिलांचं नाव द्यायची पद्धत, म्हणून जेन्नारोचा नातू जेन्नारो आणि मधला चिरो, त्याचे बाबा. वडील हयात असताना त्यांचंच नाव मुलाला ठेवायला तर इटलीत कायद्यानेच बंदी आहे.

आणि हे आपल्याकडेही होतं रे! बाळाजी विश्वनाथ पेशवे १७२० मध्ये गेले, त्याच वर्षी बाजीरावांना मुलगा झाला, त्याचं नाव बाळाजीच ठेवलं. म्हणजे बाळाजी बाजीराव, आजोबांचं नाव पुढे आणि वडिलांचं मागे, पण लोक त्यांना ओळखतात नानासाहेब म्हणून. आपल्या अण्णांचंही तसंच. त्यांचं खरं नाव विष्णू, त्यांच्या आजोबांचं, पण तुझ्या पणजीने सासऱ्यांचं नाव तोंडाने घ्यायचं नाही अशी रीत, मग स्वतःच्या मुलाला हाक कशी मारणार? म्हणून ते लहानपणापासून अण्णा. मला या गोष्टीचं वाईटही वाटतं, आपल्याच लेकराचं नाव त्या बाईला जन्मभर घेता आलं नाही.

तुला अण्णांचं नाव दिलं नाही कारण अण्णा आहेत, आणि आपल्या घरात आजोबांचं नाव ठेवायचं ते आजोबा गेल्यावर, असतानाच नातवाला दिलं तर त्यांनाच ते बरं वाटलं नसतं. जेन्नारोच्या नोन्नोला उलट त्याचाच अभिमान, आणि मला दोन्ही पटतं.

बाबांचं नाव मात्र तुझ्याकडे आहेच, तुझ्या नावात मधे. शाळेतल्या बाई त्याला तुझं दुसरं नाव समजतात, त्यांना सांग की ते बाबांचं नाव आहे, आमच्याकडे ते सगळ्या भावंडांच्या नावात असतं. आणि रविवारी व्हिडिओ कॉलवर अण्णांना विचार, शाळेत हजेरीला विष्णू म्हटल्यावर लगेच हात वर व्हायचा का त्यांचा.

तुझी,
आई