कोल्हापुरातली ‘मिशनची शाळा’ अँग्लिकन होती का?

तुमच्या पणजीच्या ट्रंकेत एक जुना दाखला सापडला. त्यावर ‘मिशन गर्ल्स स्कूल, कोल्हापूर’ आणि ‘डे स्कॉलर’ एवढंच धड वाचता येतंय. घरातले सगळे म्हणतात की ती इंग्रजांच्या चर्चची, म्हणजे अँग्लिकन शाळा, आणि तुम्हाला त्या अँग्लिकन शाळेचा इतिहास हवाय. मी इथल्याच एका मुलींच्या शाळेत बरीच वर्षं इतिहास शिकवला. असे दाखले घेऊन माजी विद्यार्थिनींची नातवंडं आमच्याकडे यायची, म्हणून उत्तर द्यायचं धाडस करते.

आधी वाईट बातमी: घरच्यांचं बहुधा चुकतंय.

आपल्याकडे गोरा माणूस दिसला की तो इंग्रज, आणि इंग्रज म्हटलं की सरकारी चर्च, असं समीकरण पक्कं बसलंय. कोल्हापुरात ज्याला नुसतं ‘मिशन’ म्हणत, ते मुख्यतः अमेरिकन होतं. रॉयल गूल्ड वायल्डर हे मिशनरी १८४६ मध्ये अहमदनगरला आले आणि १८५२ मध्ये पत्नी एलायझा यांच्यासह कोल्हापुरात. त्यांना पाठवलं होतं बोस्टनच्या अमेरिकन बोर्ड या मिशनरी संस्थेने. पुढे बोर्डाचं आणि त्यांचं फाटलं, आणि तेही शाळांवरून! बोर्डाचे सचिव रूफस अँडरसन १८५४-५५ मध्ये हिंदुस्थानच्या दौऱ्यावर आले. त्यांचा कल असा, की मिशनरीने प्रवचन करावं, शाळा चालवत बसू नये. वायल्डर उलट मताचे. बोर्डाने कोल्हापूरचं काम गुंडाळलं, तर हे गृहस्थ १८६१ मध्ये स्वतःच्या हिमतीवर परत आले आणि त्याच वर्षी मिशन शाळांची बाजू मांडणारं एक अख्खं पुस्तकही छापलं. अखेर १८७० मध्ये कोल्हापूरचं मिशन अमेरिकेतल्या प्रेस्बिटेरियन बोर्डाकडे गेलं. वायल्डर यांच्या चरित्राच्या नोंदीत एक आकडा मिळतो: हिंदुस्थानातल्या त्यांच्या शाळांत मिळून ३३०० वर विद्यार्थी शिकले, त्यात मुली ३००. अकरामागे एक. आज तो लाजिरवाणा वाटतो, पण त्या काळात ३०० घरांतल्या बापांना तयार करणं काय काम असेल, याचा विचार करा.

हे प्रेस्बिटेरियन लोक अँग्लिकन नव्हेत. त्यांच्यात बिशप नसतो, कारभार वडीलमंडळी पाहतात. अँग्लिकन म्हणजे इंग्लंडच्या राजाला प्रमुख मानणारं, बिशपांचं चर्च. त्यांचंही एक मिशन कोल्हापुरात होतं, एसपीजी नावाचं (मूळ संस्था १७०१ची, लंडनची), आणि ऑल सेंट्स चर्च आजही उभं आहे. म्हणजे शक्यता अगदीच शून्य नाही.

ओळखायची एक खूण सांगते. पाट्यांवरची नावं बघा. अमेरिकन मंडळी आपल्या इमारतींना माणसांची नावं देत: वायल्डर मेमोरियल चर्च, एस्तर पॅटन हायस्कूल, मिरजेचं वॉन्लेस हॉस्पिटल. अँग्लिकन आणि कॅथलिक मात्र संतांची नावं देतात: सेंट मेरी, ऑल सेंट्स. दुसरी खूण हाकेची. अमेरिकन मिशनच्या अविवाहित शिक्षिकांना मुली ‘मिससाहेब’ म्हणत. पणजी ‘आमच्या सिस्टर’ म्हणायची अशी आठवण घरात असेल, तर प्रकरण वेगळं. तरी लगेच कॅथलिक समजू नका. व्रतस्थ संन्यासिनी अँग्लिकन चर्चमध्येही असतात, हे आपल्याकडे फार जणांच्या गावीही नसतं.

आणि एक फसगत टाळा. नाव इंग्रजी म्हणजे शाळा मिशनची, असंही नाही. कोल्हापूर दरबाराच्या मुलींच्या शाळा आणि शिक्षिका तयार करायची फीमेल ट्रेनिंग स्कूल बरीच वर्षं मिस लिटल नावाच्या बाई सांभाळत होत्या, पण त्या पगारी नोकर दरबाराच्या. त्या १८९५ मध्ये निवृत्त झाल्यावर शाहू महाराजांनी त्या जागी नेमलं रखमाबाई केळवकरांना. गादीवर येऊन महाराजांना जेमतेम वर्ष झालं होतं, आणि गोऱ्या बाईंच्या खुर्चीत मराठी बाई बसली! त्यांची मुलगी कृष्णाबाई पुढे डॉक्टर झाली आणि आल्बर्ट एडवर्ड हॉस्पिटलात, म्हणजे आपल्या आजच्या सीपीआरमध्ये, काम करू लागली. तसंच मिस क्लार्क बोर्डिंगचं. ते महाराजांनी १९०८ मध्ये अस्पृश्य विद्यार्थ्यांसाठी काढलं आणि नाव दिलं मुंबईच्या गव्हर्नरच्या मुलीचं. मिशनचा तिथे काही संबंध नाही. एक गृहस्थ माझ्याशी अर्धा तास वाद घालत होते की त्यांचे आजोबा ‘क्लार्क मिशन’मध्ये वाढले. शेवटी चहा पाजून वाटेला लावलं.

आता खरोखरच्या अँग्लिकन मुलींच्या शाळेचा इतिहास हवा असेल, तर पुण्याची गाडी धरावी लागेल. पुण्याच्या लष्कर भागातलं सेंट मेरीज १८६६चं. पुढे ते चालवायला आल्या वाँटेजच्या सिस्टर्स. वाँटेज हे इंग्लंडमधलं छोटं गाव. तिथल्या विल्यम बटलर नावाच्या धर्मगुरूंनी १८४८ मध्ये हा संन्यासिनींचा संघ स्थापन केला. (१८४८! त्याच वर्षी जोतिराव-सावित्रीबाईंनी भिडे वाड्यात मुलींची शाळा काढली. दोघांना एकमेकांचा पत्ताही नव्हता.) या सिस्टर्स १८७७च्या सुमारास पुण्यात आल्या. सेंट मेरीज मुख्यतः छावणीतल्या गोऱ्या आणि अँग्लो-इंडियन मुलींसाठी होतं. आपल्या मुलींसाठीचं त्यांचं काम पेठेत, पंचहौद मिशनच्या आवारात चाले.

पंडिता रमाबाई याच सिस्टर्सच्या ओळखीने १८८३ मध्ये वाँटेजला गेल्या आणि २९ सप्टेंबरला तिथे त्यांचा बाप्तिस्मा झाला. नंतर चेल्टनहॅमच्या मुलींच्या कॉलेजात शिकल्या. तिथल्या प्राचार्या डोरोथिया बील यांच्या मनात होतं की रमाबाईंनी तरुण मुलग्यांनाही शिकवावं. त्यावर हिंदुस्थानातल्या बिशपांनी हरकत घेतली: बाईने पुरुषांना शिकवायचं? रमाबाईंनी त्या पत्रव्यवहारात सगळ्यांना चांगलंच सुनावलंय. पुण्याचे कर्मठ आणि लाहोरचे बिशप या एका मुद्द्यावर एकाच पंगतीला बसले असते, असं मला तो पत्रव्यवहार वाचताना वाटत आलंय.

पंगतीवरून तुमच्या दाखल्यावरच्या ‘डे स्कॉलर’ या शब्दांकडे येते. माझ्या मते अख्ख्या कागदात तेच दोन शब्द मोलाचे आहेत.

मिशनच्या शाळा दोन तऱ्हेच्या. बोर्डिंगमध्ये राहायच्या त्या बहुतेक ख्रिस्ती घरांतल्या मुली, अनाथ मुली, दुष्काळात आसऱ्याला आलेल्या. बाकीच्या सकाळी जेवून यायच्या आणि संध्याकाळी घरी जायच्या. फरक अभ्यासाचा नव्हे, अन्नाचा. ऑक्टोबर १८९० मध्ये पुण्यात पंचहौद मिशनमध्ये टिळक, रानडे वगैरे बडी मंडळी व्याख्यानाला गेली आणि पुढ्यात चहा-बिस्किटं आली. कुणी घेतली, कुणी नुसता कप हातात धरला. गोपाळराव जोशींनी सगळ्यांची नावं छापून आणली, प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेलं, आणि प्रायश्चित्तांवरून पुणं वर्षं दोन वर्षं ढवळून निघालं. एका कपापायी टिळकांची ही गत, तर आठ वर्षांच्या पोरीने मिशनच्या आवारात पाणी प्यायल्यावर घरात काय झालं असतं? म्हणून डे स्कूल. पोर शिकली तरी चूल बाटत नाही, ही ती तडजोड.

माझी आजी अशीच डे स्कॉलर. मंगळवार पेठेतून चालत जायची, एक बाई गल्लीतल्या सहा-सात मुलींना गोळा करून न्यायची. दप्तरात पाटी, शिवणाचं फडकं आणि स्वतःचं फुलपात्र. शाळेतलं पाणी प्यायचं नाही, अशी ताकीद. परत आल्यावर परसदारातून आत यायचं, खुंटीवरचं परकर-पोलकं घालायचं, शाळेचे कपडे बाहेरच. ‘आलो गं आई, शिवू नको’ असं ती दारातूनच ओरडायची (आमच्या कोल्हापुरात बायकाही ‘आलो’च म्हणतात, परगावचे हसतात). बायबलचा तास असायचा. दाविदाची गोष्ट तिला म्हातारपणीही तोंडपाठ होती, आणि ती सांगून झाली की लगेच जोतिबाला हात जोडायची. फुलपात्राचं विचारलं, तर म्हणायची, ‘उन्हाळ्यात कोण बघतंय, पीत होतो की!’

चौथी झाली आणि तिचं लग्न ठरलं. बहुतेक डे स्कूलचं हेच दुखणं. १८९१च्या संमतिवयाच्या कायद्याने वयाची अट दहावरून बारावर आणली, ती लग्नाची नव्हे, शरीरसंबंधाची. मुलीच्या लग्नाला चौदाची अट आली शारदा कायद्याने, तीही १९३० पासून. तोवर वरचे वर्ग भरायचे कुणाच्या मुलींनी? बोर्डिंगमधल्या. म्हणूनच मिशनच्या अहवालांत आणि फोटोंत बोर्डिंगच्या मुली जास्त दिसतात. दिवसा येऊन जाणाऱ्या पोरी तीन-चार वर्षं बसून गेल्या, त्यांचा माग तुमच्यासारख्यांच्या ट्रंकेतच लागतो.

तर आता तो कागद उजेडात धरा. शिक्का ‘करवीर’ असा असेल, तर शाळा दरबाराची आणि ‘मिशन’ हा शब्द नंतर कुणीतरी लिहिलेला. ‘ए. पी. मिशन’, म्हणजे अमेरिकन प्रेस्बिटेरियन, दिसलं तर अमेरिकन. ‘एस. पी. जी.’ ही तीन अक्षरं सापडली, तरच घरच्यांचं बरोबर. सहीखाली ‘मिस’ आहे की ‘सिस्टर’ तेही पाहा. चर्चमध्ये चौकशीला गेलात तर एक लक्षात असू द्या: २९ नोव्हेंबर १९७० रोजी नागपुरात चर्च ऑफ नॉर्थ इंडिया स्थापन झालं, त्यात अँग्लिकन आणि प्रेस्बिटेरियन परंपरा एकत्र आल्या. त्यामुळे आजचे लोक दोन्ही जुन्या मिशनांना सरसकट ‘आपलं चर्च’ म्हणतात. तिथे विचारताना १९७० च्या आधीचं कुठलं, असं स्पष्ट विचारा.

शिक्क्याचा फोटो नीट आला तर इथेच टाका. आणि ट्रंकेत एखादं छोटं पितळी फुलपात्र आहे का, तेही बघा.