माझी 15 वर्षांची मुलगी जळगावात फुटबॉलमध्ये फॉरवर्ड खेळते, प्रोफेशनल होऊ शकेल का?

हो ताई, नक्की होऊ शकेल, फक्त वर्षा-दोन वर्षांत तिला बाहेर मोठ्या क्लबच्या ट्रायलला न्यावं लागेल. मी भुसावळला मुलींना फुटबॉल शिकवतो म्हणून सांगतो, आपल्याकडच्या काळ्या मातीच्या भेगाळलेल्या ग्राउंडवर बॉल कसाही उसळतो, पोरींचा पहिला टच, म्हणजे आलेला बॉल पहिल्याच स्पर्शात ताब्यात घेणं, बिघडतो आणि ट्रायलला आधी तोच बघतात, तर रोज भिंतीवर दोन्ही पायांनी पास मारून घ्या. पंजाबची मनीषा कल्याण बघा ना, गोकुलम केरळ क्लबकडून खेळली आणि 2022 मध्ये सायप्रसच्या अपोलोन क्लबकडून महिला चॅम्पियन्स लीग, म्हणजे युरोपातल्या क्लबची सर्वात मोठी स्पर्धा, खेळणारी पहिली भारतीय झाली, तेव्हा वय अवघं 20! पण इंडियन विमेन्स लीगचा सीझन काही महिन्यांचाच असतो, वर्षभर पगार मिळेलच असं नाही, म्हणून दहावी-बारावी सोडू देऊ नका.