खवल्यांचा अभ्यास करू पाहणाऱ्या विद्यार्थिनीस

प्रिय विद्यार्थिनीस,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या प्रकल्पाचा आराखडा लक्षपूर्वक वाचला. मासा, साप, फुलपाखरू, खवले मांजर, कांदा आणि कौलारू छप्पर या सर्वांना तू ‘संरक्षक आवरण’ या एकाच रकान्यात बसवले आहेस. एकावर एक चढलेले पातळ तुकडे एवढेच पाहिले, तर ही मांडणी पटण्यासारखी आहे. परंतु खवला कशाचा बनला आहे आणि शरीराच्या कोणत्या थरातून उगवला आहे, हे तपासल्याशिवाय त्याचे कार्य ठरवू नकोस, असे माझे आग्रहाचे सांगणे आहे.

सुरुवात मासळीबाजारातून कर. रोहूचा खवला हाडाशी नाते सांगणाऱ्या पदार्थाचा असतो आणि तो त्वचेच्या आतल्या थरात रुजलेला असतो. मासा मोठा होतो तेव्हा खवल्यांची संख्या जवळजवळ तीच राहते, मात्र प्रत्येक खवल्याच्या कडेला नवी भर पडत जाते. म्हणूनच भिंगाखाली त्यावर एकात एक वर्तुळे दिसतात. थंड प्रदेशांत हिवाळ्यात वाढ मंदावली की ही वर्तुळे दाटीने येतात आणि त्यांवरून माशाचे वय काढता येते. आपल्या उबदार पाण्यात ऋतूंमधील फरक कमी असल्याने हा हिशोब तितका सरळ राहत नाही. त्यानंतर मोरीच्या, म्हणजे लहान शार्क माशाच्या, कातडीवरून शेपटीकडून डोक्याकडे बोट फिरवून पाहा. जे खरखरीत लागते, त्याची रचना दातासारखी असते: आत गर, त्याभोवती डेंटिन (दाताचा हाडासारखा पदार्थ) आणि वर कठीण लेप. एकाच टोपलीत शेजारी पडलेल्या या दोन माशांचे खवले इतके वेगळे असतात.

सापाच्या बाबतीत तर ‘खवले काढणे’ शक्यच नसते, कारण ते सुटे तुकडे नसून बाह्यत्वचेच्याच केराटिनयुक्त (केराटिन म्हणजे नखे-केस ज्याचे बनतात तो पदार्थ), जाड झालेल्या घड्या असतात. त्यामुळे निरोगी साप कात टाकतो तेव्हा ती बहुधा अखंड निघते आणि तिच्यात डोळ्यांवरच्या पारदर्शक खवल्यांच्या चकत्याही दिसतात. या प्रकरणाला तू अधिक पाने द्यावीस, असे मला वाटते. मण्यारीच्या पाठीच्या मध्यरेषेवरील खवले शेजारच्या खवल्यांपेक्षा मोठे आणि षट्कोनी असतात. बिनविषारी कवड्या सापाला ते तसे नसतात. हा फरक ठाऊक नसल्याने किती कवड्ये हकनाक मारले जातात! (तुलना छायाचित्रांवरूनच कर, जिवंत सापाजवळ जाऊन नव्हे.) कोकणात आढळणाऱ्या फुरशाच्या कुशीवरचे तिरपे खवले दातेरी असतात, अंगाची वेटोळी एकमेकांवर घासून ते जो करवतीसारखा आवाज काढते, तो याच खवल्यांचा. येथे खवला शत्रूला इशारा देण्याचे काम करतो, आणि ‘संरक्षक आवरण’ हा तुझा रकाना अपुरा पडतो.

फुलपाखराच्या पंखांवरील भुकटी म्हणजे कायटिनचे (कीटकांचे कवच ज्याचे बनते त्या पदार्थाचे) सूक्ष्म खवले होत. त्यांतील प्रत्येक खवला एकाच पेशीपासून तयार होतो, आणि एकदा झडला की पुन्हा येत नाही. पंखांचे रंग काही ठिकाणी रंगद्रव्यामुळे, तर काही ठिकाणी खवल्याच्या सूक्ष्म रचनेवर प्रकाश पडून निर्माण होतात. कांद्याचे मांसल पापुद्रे हे पानांचे तळ असून त्यांत अन्न साठवलेले असते. उसावरील खवले कीड मात्र वेगळ्या रकान्यात ठेव. तिचे कवच मुख्यतः तिने स्रवलेल्या मेणाचे आणि टाकलेल्या कातीचे असते. कौलांविषयी एक ओळ पुरे.

खवले मांजराचा विषय मी मुद्दाम शेवटी ठेवला आहे, कारण तेथे पदार्थाच्या प्रश्नावर एका प्राण्याचे जगणे अवलंबून आहे. त्याचे खवले केराटिनचे, म्हणजे आपल्या नखांच्याच पदार्थाचे असतात. तरीही औषधी असल्याच्या समजुतीने त्यांची तस्करी होते. जगातील आठही प्रजातींचा आंतरराष्ट्रीय व्यापार रोखण्यासाठी २०१६ मध्ये त्यांचा ‘साइट्स’ या, वन्य प्राणी-वनस्पतींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर नियंत्रण ठेवणाऱ्या, कराराच्या पहिल्या परिशिष्टात समावेश करण्याचा निर्णय झाला. भारतात १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत त्याला स्थान आहे. चिपळूणची सह्याद्री निसर्गमित्र ही संस्था कोकणात त्याच्या संवर्धनासाठी झटते आहे. त्यांच्या कार्यकर्त्यांशी अवश्य बोल.

नमुन्यांसाठी बाजारातल्या माशांचे खवले गोळा करून धुऊन, वाळवून काचपट्टीवर बसव, आणि प्रत्येकावर माशाचे नाव व शरीराच्या कोणत्या भागावरून खवला घेतला ते लिही. खवले मांजराचा खवला कोणी देऊ केला तर तो स्वीकारू नकोस. तो जवळ बाळगणेही गुन्हा आहे, आणि अशी वस्तू दिसल्यास वनविभागाला कळवणे हेच योग्य.

तुझा दुसरा मसुदा तयार झाला की पाठव.

तुझा शुभचिंतक